घरचा पंच

इंदूरचे क्रिकेट म्हटले की होळकर संघाचे वैभव आठवते. सी. के. नायडू, मुश्ताक अली यांच्या या संघाने १९४५-४६ ते १९५२-५३ या काळात चार वेळा रणजी करंडक जिंकला. याच शहरात २०११ साली सेहवागने एकदिवसीय सामन्यात २१९ धावा काढल्या, तेव्हा होळकर मैदान दुमदुमून गेले. परंतु मनुष्यस्वभावाची परीक्षा पाहावयाची तर विजय नगरातील एखाद्या मोकळ्या मैदानावर रविवारी सकाळी जावे. तेथे ना तिकीट, ना जयघोष. प्रेक्षक म्हणजे झाडाखाली बसलेले, आपल्या पाळीची वाट पाहणारे फलंदाज. आणि पंच, तोही बहुधा त्यांच्यातलाच एक.

वकिलाला हे विपरीत वाटते. स्वतःच्या प्रकरणात कोणी न्यायाधीश होऊ नये, हे आमच्या शास्त्राचे आद्य सूत्र. येथे ते राजरोस मोडते, तरीही खेळ चालतो. तो कशाच्या आधारावर?

त्या शांततेच्या, असे मला वाटते. भरल्या मैदानावर बॅटची कड लागल्याचा आवाज गदारोळात बुडतो; म्हणून ध्वनिलहरी टिपणारी यंत्रे आणावी लागली. निवांत मैदानावर तो बारीकसा आवाज फलंदाज, यष्टिरक्षक आणि पंच तिघांनाही ऐकू येतो. ‘मला कळले नाही’ ही सबब तेथे उरत नाही.

कोणी म्हणेल, पणाला काही नसताना दाखविलेल्या प्रामाणिकपणाचे मोल ते काय? पण जेथे दंड नाही, तेथे खोटेपणाही तितकाच स्वस्त असतो. क्रिकेटच्या ३१ व्या नियमानुसार अपिलावाचून पंचाने कोणाला बाद देऊ नये; मात्र बाद झालेल्या फलंदाजाने अपिलाची वाट न पाहता आपण होऊन परतावे, याला तोच नियम मोकळीक देतो. सद्गुणाची सक्ती न करता त्याच्यासाठी दार उघडे ठेवणारा असा कायदा विरळाच.

आणि हा प्रश्न केवळ खेळाचा नाही. उसनवार, वाटणी, तोंडी दिलेला शब्द, यांतले न्यायालयापर्यंत येते ते किती थोडे! बाकीचा सारा संसार घरच्याच पंचांवर चालतो. बॅटची कड लागताच कोणाकडे न पाहता तंबूकडे वळणारी माणसे समाजात आहेत, म्हणूनच आमची न्यायालये त्यांच्यावरचा भार कसाबसा पेलू शकतात.