भरपाई आणि विलंब

बडतर्फ कामगाराला न्यायाधिकरणाने देवविलेली भरपाई वरिष्ठ न्यायालयाने पुन्हा तपासावी काय, हा प्रश्न आम्हां सरकारी नोकरांना सहसा पडत नाही. संविधानाच्या ३११ व्या अनुच्छेदाचे छत्र आमच्या डोक्यावर असते. कारखान्यातील कामगाराच्या डोक्यावर ते नसते.

फेरतपासणी नकोच, असे आम्ही म्हणणार नाही. हिंदुस्थान टिन वर्क्सच्या १९७८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कंपनीची ओढगस्त लक्षात घेऊन मागील पूर्ण वेतनाऐवजी ७५ टक्के वेतन ठरविले. डबघाईस आलेल्या कारखान्याकडून सारेच वसूल केले, तर कामावरच्या सोबत्यांचाही घास जाण्याची भीती असते. हा विचार रास्त होय.

पण तपासणीला काळ लागतो. तो कोणी सोसावा? मालकाच्या वहीत विलंब ही खर्चाची एक बाब. कामगाराच्या घरी ती वाण्याची उधारी होते. म्हणूनच औद्योगिक विवाद अधिनियमाच्या १७-ब कलमाने, पुनर्नियुक्तीच्या निवाड्याविरुद्ध मालक वरिष्ठ न्यायालयात गेल्यास, अन्यत्र काम न मिळालेल्या कामगाराला तोवर शेवटच्या दराने वेतन देवविले होते. पुढे २०१३ साली, महाराष्ट्रातील एका शिक्षिकेच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कामगाराने आपण बेकार होतो एवढे म्हणावे. उलट सिद्ध करण्याचा भार मालकावर.

आम्हांला यातच न्यायाचे मर्म दिसते. भरपाई ही दया नव्हे, परतफेड होय. तीत काटछाट करावयाची, तर कारण देण्याचे ओझे काटछाट मागणाऱ्याने वाहावे. उपाशी राहिलेल्याकडे उपासाचा पुरावा मागू नये.