ओळखीचा दत्त

दत्त महाराज म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे तीन शिरे, सहा हात, मागे गाय, पायाशी चार श्वान असे रूप उभे राहते. हे रूप पोथी वाचून मनात बसले की भिंतीवरच्या तसबिरीमुळे? माझ्या मते तसबिरीचा वाटा मोठा. राजा रविवर्मा यांनी १८९४ साली मुंबईत छापखाना काढला आणि देवादिकांची रंगीत चित्रे साध्या माणसाच्या घरात आली. ज्याला यात्रा परवडत नव्हती त्याला घरबसल्या हात जोडायला देव मिळाला. हे उपकार लहान नाहीत. (पुरंदरजवळ नारायणपूरला मात्र दत्त एकमुखी आहेत. पहिल्यांदा जाणारा क्षणभर थबकतोच!)

पण चित्राने डोळ्याला एक सवयही लावली. बँकेत आम्ही चेकवरची सही नमुना सहीच्या कार्डाशी ताडून पाहत असू. जुळली की पास. काउंटरपलीकडे ओळखीचे पेन्शनर आजोबा स्वतः उभे असायचे, पण हात थरथरायचा नि सही जुळायची नाही. माणूस समोर, आणि आमचा डोळा कार्डावर. पैशाच्या व्यवहारात ते बरोबरच होते. देवाच्या बाबतीतही आपण असेच कार्ड घेऊन बसलो तर?

नाथमहाराजांची कथा सर्वांना ठाऊक आहे. देवगिरीला दत्तप्रभू मलंगाच्या वेषात आले, आणि एकनाथांसारख्या शिष्यालाही ते प्रथम ओळखू आले नाहीत असे सांगतात. मग तुमची-आमची काय कथा! भरदुपारी दारात कोणी मळक्या कपड्यांचा उभा राहिला की आपण कपडे पाहतो, चेहरा नाही. हल्ली तर दाराच्या भोकातूनच पाहतो. दिवस चोऱ्यामाऱ्यांचे आहेत, सावध राहायलाच हवे. पण दार न उघडताही "काय हवंय, बाबा?" एवढे तरी विचारता येते. तेवढेही आपल्याच्याने होत नाही, ही गोष्ट मला खुपते.

म्हणूनच की काय, वाडीला मनोहर पादुका, औदुंबरला विमल पादुका आणि गाणगापूरला निर्गुण पादुका. मुख्य पूजा पादुकांची. मुखच समोर नाही, तर जुळवून पाहायचे कशाशी? गाणगापूरला गर्दीच्या दिवशी तासन् तास रांगेत उभे राहावे, तेव्हा छोट्या झरोक्यातून क्षणभर पाहायला मिळते. माणसे बाहेर येतात, डोळे पुसतात, "दर्शन छान झालं हो," म्हणतात. काय दिसले, हे कोणी कोणाला विचारत नाही.