रेडिओवरचा कवी

3 नोव्हेंबर 1933. पॅरिसहून रेडिओवर फाँतोमास या कादंबरीतल्या अट्टल गुन्हेगाराची लांबलचक गीतकथा ऐकू येऊ लागली. शब्द रोबेर देस्नोसचे, संगीत कुर्ट वाईलचं. हा कवी पोटासाठी रेडिओच्या जाहिरातीही लिहायचा, आणि त्यात त्याने कधी कमीपणा मानला नाही.

1940 मध्ये जर्मन फौजा पॅरिसमध्ये शिरल्या. देस्नोस वर्तमानपत्रात नोकरी करत राहिला. तिथे कानावर येणाऱ्या बातम्या मात्र तो प्रतिकार चळवळीच्या ‘आजीर’ या गुप्त गटाकडे पोचवू लागला. शिवाय टोपणनावांनी कविता चालूच होत्या, त्यातल्या काही तर थेट पॅरिसच्या गल्लीबोळांतल्या रांगड्या बोलीत! 22 फेब्रुवारी 1944 रोजी गेस्टापोने त्याला पकडलं. आगाऊ निरोप मिळूनही तो पळाला नव्हता. आपल्याऐवजी युकीला, म्हणजे बायकोला, उचलून नेतील याची त्याला धास्ती होती.

मग नाझी छळछावण्या: आउशवित्झ, बुखेनवाल्ड, फ्लॉसेनबुर्ग. युरोपातलं युद्ध संपलं आणि महिनाभरातच, 8 जून 1945 रोजी, तेरेझिनच्या छावणीत टायफसने तो गेला. वय अवघं 44.

फ्रान्समधल्या मुलांना तो भेटतो वेगळ्याच वाटेने. मुंगी, पेलिकन अशा प्राण्यापक्ष्यांवरची त्याची बालगीतं त्याच 1944 मध्ये छापून आली होती; शाळकरी पोरं ती आजही तोंडपाठ म्हणतात.