न पेरलेला भात

रायपूरच्या पुरानी बस्तीत, श्रावण वद्य षष्ठीच्या सकाळी, दहा-बारा अपरिचित माणसांच्या मेळाव्यात एका तरुण वाटाड्याच्या मागोमाग मी हिंडलो; आणि ज्या गल्ल्यांतून लहानपणी अनवाणी धावलो होतो त्याच गल्ल्यांत नाव नोंदवून, पैसे भरून, परक्यासारखा शिरताना जो प्रश्न मनात उभा राहिला तो अद्याप तेथून हललेला नाही. प्रश्न असा, की दुसऱ्याच्या चुलीवरचे, दुसऱ्याच्या देवापुढचे, दुसऱ्याच्या रीतीभातीत मुरलेले अन्न वाटसरूने चाखले म्हणजे त्याच्या मुखात नेमके काय जाते? केवळ पदार्थ जातो, की त्या पदार्थाबरोबर एखादे नातेही आत उतरते, आणि उतरत असेल तर त्याचे पुढे काय होते?

त्या वाटाड्याविषयी प्रथम सांगितले पाहिजे, कारण पुढे जे लिहीन त्याने त्याच्यावर अन्याय होता कामा नये. मुलगा तिथलाच, अभ्यासू आणि आपल्या गावावर निर्व्याज प्रेम करणारा होता. बूढ़ा तालाबाच्या काठी त्याने आम्हांस एकत्र केले, आणि पुढे विवेकानंद झालेला नरेंद्र १८७७ ते १८७९ या काळात वडिलांबरोबर बूढ़ापाऱ्यात राहात होता ही हकीकत सांगताना त्याचा आवाज असा काही हळवा झाला, की समोरच्या पाण्याकडे सर्वांनीच पुन्हा एकदा निराळ्या नजरेने पाहिले. त्यानंतर आमच्या हातांत पानांचे द्रोण आले. तांदळाच्या पिठाचा चीला, ज्याला आपण धिरडे म्हणू. शिजल्या भातात तांदळाचे पीठ मळून वाफवलेला आणि तिळाची फोडणी दिलेला फरा. गूळ नि तांदूळ यांचा आपल्या अनारशाचा सख्खा भाऊ शोभावा असा अइरसा. अंगाकर रोटी तर पळसाच्या पानांत गुंडाळून निखाऱ्यांवर भाजतात असे ऐकून आमच्यातील एक कोकणस्थ बाई एकदम उद्गारल्या, "अहो, ही तर आमची पानगी!" आणि कोकण व छत्तीसगड यांच्यामधील सारे अंतर त्या एका उद्गाराने क्षणभर नाहीसे झाले.

माझे मामा तात्यापाऱ्यात राहात. पारा म्हणजे वस्ती, मोहल्ला. मराठी माणसे या मुलखात कशी आली याचा इतिहास भोसल्यांच्या दफ्तरात आहे: १७४१ साली भास्करपंत कोल्हटकरांची फौज रतनपुरावर चालून आली, १७५८ पासून बिंबाजी भोसल्यांनी रतनपुरास राहून छत्तीसगडचा कारभार पाहिला, १७८७ मध्ये ते निवर्तल्यावर नागपूरहून सुभे नेमले जाऊ लागले, आणि १८१८ साली कर्नल ॲग्न्यूने मुख्य कचेरी रतनपुराहून रायपुरास हलविली. फौजेबरोबर आलेले शिपाई, जमाबंदीचे कारकून, भिक्षुक, पुराणिक पुढे येथलेच झाले. परंतु जेता म्हणून आलेला मनुष्य येथला होतो तो सनदेने नव्हे. त्याला कोणीतरी आपल्या पंक्तीस घ्यावे लागते. ते कसे घडते हे मी मामींच्या घरी पाहिले आहे, आणि त्याकडे येण्यासाठी मला त्या सकाळच्या बाजारातून जावे लागेल.

तो दिवस कमरछठचा होता. महाराष्ट्रात ज्या दिवसाची फारशी कोणास दखल नसते त्या दिवशी छत्तीसगडच्या माता लेकरांसाठी उपवास करतात, आणि त्या उपवासाचा नियम असा अद्भुत आहे की तो प्रथम ऐकला तेव्हा मी थबकलोच. नांगराने जे पिकले ते त्या दिवशी वर्ज्य; नांगरलेल्या भुईवर पाऊल टाकणेही वर्ज्य. गाईचे दूध चालत नाही, म्हशीचे चालते. आणि संध्याकाळी पूजा झाल्यावर जो भात खायचा तो पसहर तांदळाचा: डबक्यांच्या, तळ्यांच्या काठी आपोआप उगवणारा, कोणी न पेरलेला, कोणी न लावलेला. टुरी हटरीपाशी, जेथे जुने जगन्नाथाचे देऊळ आहे, तेथे रस्त्याच्या कडेला बसून बाया हाच तांदूळ विकत होत्या. तांबूस, आखूड, कोंडा पुरता न निघालेला दाणा; भाव मात्र इतर तांदळाच्या कित्येक पट. शेजारी सहा प्रकारच्या भाज्यांच्या जुड्या, मोहाची दातणे, पळसाच्या डहाळ्या, पत्रावळी.

आमच्यातील एका तरुणाने एका म्हाताऱ्या विक्रेतीस विचारले, "याची चव कशी असते?" तिने त्याच्याकडे नीट पाहिले आणि शांतपणे सांगितले, की चव रात्री कळेल, आता उपास आहे. तेव्हा माझ्या ध्यानात आले, की त्या संबंध बाजारात जेवढ्या स्त्रिया होत्या त्यांतील बहुतेक निरंकार होत्या, आणि आम्ही तेवढे, हातांत द्रोण घेतलेले, चार ठिकाणी खाऊन पाचव्या ठिकाणाकडे निघालेले, अन्नाविषयी ज्ञान मिळवीत होतो.

मला तैत्तिरीय उपनिषदातील भृगूची आठवण झाली. भृगू पित्याकडे ब्रह्म जाणण्यासाठी गेला, आणि वरुणाने त्याला कोठे जाऊन काही पाहा, चाख, गोळा कर असे सांगितले नाही. तपाने जाण, एवढेच सांगितले. तप करून भृगूस प्रथम जे कळले ते हे की अन्न हेच ब्रह्म. तेथे तो थांबला नाही. प्राण, मन, विज्ञान अशा पायऱ्या चढत तो आनंदापर्यंत पोचला. सामान्य तर्काने पाहिले तर शिखरावर गेलेल्या मनुष्याने पहिल्या पायरीचे नाव पुन्हा काढू नये. पण उपनिषद आनंद सांगून झाल्यावर परत अन्नाकडेच वळते आणि व्रते घालून देते: अन्नाची निंदा करू नये, अन्न टाकू नये, अन्न वाढवावे, दारी आलेल्या कोणासही माघारी लावू नये. या परतण्याचा अर्थ मी पुष्कळ वर्षे शोधीत होतो. पहिल्या पायरीवरचे अन्न हे जाणण्याचा विषय आहे आणि शेवटचे अन्न हे वागण्याचा विषय आहे, आणि या दोहोंच्या मध्ये तप आहे, असे मला आता वाटते. त्या उपाशी म्हातारीचे उत्तर त्या मधल्या जागेतून आले होते.

पुढे आम्ही दूधाधारी मठात गेलो. सोळाव्या शतकापासूनचा हा वैष्णवांचा मठ, भोसल्यांच्या अमदानीत त्यास मोठा आश्रय मिळाला. ज्या बलभद्रदासांमुळे त्याचे नाव पडले ते केवळ दुधावर राहात अशी परंपरा आहे. तेथून जैतूसाव मठात. जन्माष्टमी, जिला तिकडे 'आठे कन्हैया' म्हणतात, दोन दिवसांवर आली होती, आणि मठातील मालपुव्याच्या नैवेद्याची तयारी मनात असलेली माणसे लगबगीने वावरत होती. तळलेले मालपुवे भाताच्या पेंढ्यावर पसरून ठेवतात म्हणजे जास्तीचे तूप पेंढा पिऊन टाकतो, असे वाटाड्याने सांगितले. आमच्यातील एकाने मालपुवा आज मिळेल का म्हणून विचारता तो म्हणाला, "तो विकत नाही मिळत, साहेब. नैवेद्य झाल्यावर या, रांगेत उभे राहा, मिळेल." मग त्याने आम्हांस विहीर दाखविली. १९३३ च्या नोव्हेंबरात अस्पृश्यतानिवारणाच्या दौऱ्यात गांधीजी रायपुरास आले होते; त्या वेळी या विहिरीचे पाणी एका हरिजन मुलीच्या हातून काढवून ते प्याले, असे या भागात पिढ्यानुपिढ्या सांगतात. कोणाच्या हातचे घ्यावे आणि कोणाच्या हातचे घेऊ नये, या एका प्रश्नावर आपल्या समाजाने किती माणसे तुडविली याचा विचार ज्याच्या मनात त्या काठावर उभे असता येत नाही, त्याने ती विहीर पाहिली असे मी म्हणणार नाही.

आता मामींकडे येतो. मी दोन वर्षे त्यांच्याकडे शिकायला होतो. पुरानी बस्तीतील एक छत्तीसगडी बाई अधूनमधून घरी येत, आणि मामी दारातूनच त्यांना म्हणत, "सीताराम, महाप्रसाद." त्याही तसेच म्हणत. एकमेकींचे नाव त्यांनी कधी घेतलेले मी ऐकले नाही, आणि मला वाटे, 'महाप्रसाद' हेच त्या बाईंचे नाव. पुष्कळ दिवसांनी मामींनी सांगितले तेव्हा उलगडा झाला. छत्तीसगडात दोन माणसे मितान बदतात, म्हणजे आमरण सख्य जोडतात. कोणी गंगाजल देऊन, कोणी भोजलीचे कोंब कानी खोवून, आणि कोणी पुरीच्या जगन्नाथाचा वाळविलेला भात एकमेकांस भरवून. भाताने बदलेले ते 'महाप्रसाद'. त्यानंतर नाव घ्यायचे नाही, सुखदुःखात अंतर द्यायचे नाही, एकीचे आईबाप ते दुसरीचे फूलदाई नि फूलददा. जात आडवी येत नाही. देशस्थ ब्राह्मणाच्या घरची सून आणि तेल्याच्या घरची लेक यांच्यामध्ये चिमूटभर वाळल्या भाताने जे जुळले होते, ते दोघींपैकी कोणीही कधी मोडले नाही.

येथे मला स्वतःशीच एक आक्षेप घ्यावा लागतो. पैसा आला की पावित्र्य गेले, प्रेमाचे ते खरे आणि विकतचे ते खोटे, असा सोपा निवाडा करून मोकळे व्हावे असे त्या सकाळी मला वाटले होते. पण तो निवाडा टिकत नाही. पुरीस आनंदबाजारात महाप्रसाद उघड विकला जातो, लोक तो विकत घेतात, आणि तरीही तो महाप्रसादच राहतो; ब्राह्मण-शूद्र एका मडक्यातला खातात. मामींना बांधणारे ते दाणे कोणी यात्रेकरूने तेथून पैसे मोजूनच आणले असतील. तेव्हा विटाळ पैशाचा नाही. वाटाड्यानेही आपल्या ज्ञानाचे मोल घेतले यात काही उणे नाही; त्याला घर आहे, चूल आहे.

भेद आहे तो घेणाऱ्याच्या मनातील हिशेबाचा. शतपथ ब्राह्मणात मनुष्य जन्मतःच चार ऋणे घेऊन येतो असे सांगितले आहे: देवांचे, ऋषींचे, पितरांचे, आणि चौथे मनुष्यांचे, जे आल्यागेल्यास निवारा नि अन्न देऊन फेडायचे. पहिली तीन सर्वांना पाठ असतात. चौथे बहुधा विसरले जाते. किंमत दिली म्हणजे खाते बंद झाले, आपण कोणाचे काही लागत नाही, असे मानून जो उठतो त्याच्या पोटात पदार्थ गेला, एवढेच. आणि किंमत देऊनही ज्याला आपण देणेदार आहोत असे वाटत राहते, त्याने चार आण्यांचा चीला खाल्ला तरी तो प्रसादच खाल्ला. पसहर तांदळाचे रहस्यही मला यातच दिसते. शेतकऱ्याला भाव देऊन आपण मोकळे होऊ शकतो, निदान तसे मानू शकतो. पण जो कोणी पेरलाच नाही त्याचे मोल कोणाच्या पदरात टाकणार? वेचणारीला तिच्या श्रमाचे पैसे मिळाले, दाण्याचे देणे राहिलेच. वर्षातून एक दिवस या माता असे अन्न खातात की ज्याचा हिशेब मिटूच शकत नाही, आणि ते खातात लेकरांसाठी, ज्यांचा हिशेबही कोणती आई कधी मिटवीत नाही.

असे देणे मनात ठेवून घेतलेला घास म्हटला की मला माधवराव सप्रे आठवतात; ते याच गावात राहिले आणि १९२६ साली येथेच वारले. १९०८ मध्ये राजद्रोहाच्या आरोपावरून अटक झाली असता आप्तांच्या आग्रहापुढे नमून त्यांनी माफी लिहून दिली, आणि ते शल्य घेऊन रामदासी परंपरेच्या आश्रयाने दासबोधाचे पारायण करीत, मधुकरी मागून खाल्ली. 'हिंदी केसरी' काढणाऱ्या, पुढे 'गीतारहस्य' हिंदीत नेणाऱ्या या विद्वानाने प्रायश्चित्तासाठी दुसऱ्याच्या दारचा घास निवडला, याचे मला राहून राहून मोठे वाटते. जो घास विकत घेता येत नाही तो मागावा लागतो, आणि मागताना मनुष्य आपली खरी जागा ओळखतो.

भ्रमण दुपारी संपले. संध्याकाळी मी एकटाच पुरानी बस्तीत परत गेलो. मामी नाहीत, त्यांच्या महाप्रसादही नाहीत. पण त्या महाप्रसादांचे घर सापडले. भिंतीवर गतवर्षी रेखाटलेली आठे कन्हैयाची आठ चित्रे फिकट झालेली होती. अंगणात सगरीचे दोन खड्डे खणून पाण्याने भरले होते, कडेला पळस नि कास रोवलेले, पूजा नुकतीच आटोपली होती. मी मामांचे नाव सांगितले. घरची सून, आता तीही साठीच्या पुढची, क्षणभर पाहात राहिली आणि म्हणाली, "तात्यापारा के भांचा?" एवढे बोलून ती वाकली आणि माझ्या पायांना हात लावला. चंदखुरी ही कौसल्येची माहेरभूमी, म्हणून राम हा साऱ्या छत्तीसगडचा भाचा, आणि म्हणून बहिणीच्या मुलाच्या पाया पडायचे, हा तिकडचा रिवाज. लहानपणी मोठी माणसे अशी वाकत तेव्हा मी लाजून मामींच्या पदराआड लपत असे. या वेळी लपायला पदर नव्हता.

तिने मला पाटावर बसविले, पत्रावळीवर पसहराचा भात, सहा भाज्यांची मिसळ आणि म्हशीचे दही वाढले. भात जाडसर होता, किंचित तुरट, आणि चावताना चिखलातल्या गवताचा वास देणारा. मी शेवटचा दाणा वेचला. मग ती आत जाऊन छुहीच्या पांढऱ्या मातीत भिजविलेला कापडाचा पोता घेऊन आली, जो पूजेनंतर आया आपल्या लेकरांच्या पाठीवर हलके आपटतात. तिचे दोन्ही मुलगे परगावी असतात. "पाठ करा," ती म्हणाली. मी वळलो, आणि सदऱ्यावरून पाठीवर तो गार, ओला कपडा सहा वेळा बसला.