तोच दिवस पुन्हा

माणसाने आजवर जी जी यंत्रे कल्पिली, त्यांत सर्वांत विलक्षण कोणते असे कोणी विचारले, तर मी म्हणेन, काळाला गाठ मारणारे यंत्र. एच. जी. वेल्सने १८९५ साली आपल्या कादंबरीत जे यंत्र आणले, ते माणसाला मागच्या-पुढच्या काळात नेऊन सोडी. मी म्हणतो ते याहून अवघड. त्याची कळ फिरवली की सोमवार मावळतो आणि पुन्हा तोच सोमवार उजाडतो. आदोल्फो बियॉय कासारेस या आर्जेंटिनाच्या लेखकाने १९४० साली लिहिलेल्या कादंबरीत, एका ओसाड बेटावर, असेच काहीसे यंत्र आहे. त्याने टिपून घेतलेला मित्रमंडळींचा एक आठवडा समुद्राच्या भरतीच्या बळावर पुनःपुन्हा घडत राहतो. १९९३ सालच्या ‘ग्राउंडहॉग डे’ या अमेरिकन चित्रपटात तर यंत्रही नाही. नायकाला रोज सकाळी २ फेब्रुवारीच भेटते.

हे केवळ लेखकांचे खेळ आहेत असे मात्र समजू नये. कुर्ट गोडेल या गणितज्ञाने १९४९ साली दाखवून दिले की, आइन्स्टाइनच्या समीकरणांतून असेही एक विश्व निघू शकते, ज्यात पुढे पुढे जाणारा प्रवासी स्वतःच्याच भूतकाळात येऊन पोचावा. १९९२ साली स्टीफन हॉकिंगने तर्क मांडला की, निसर्ग असे घडू देत नसावा. तो वाद विद्वानांनी मिटवावा. मी पडलो शाळामास्तर. माझा प्रश्न साधा आहे. असे यंत्र हाती आले, तर पाप-पुण्याचे काय होईल?

समजा, आमच्या दर्यापूरच्या एका अडत्याला हे यंत्र सापडले आणि त्याने ते गादीखाली दडवून ठेवले. सकाळी कापसाची बंडी येते. शेतकरी विचारतो, “शेटजी, काटा बरोबर हाय नं?” शेटजी हसून मान डोलावतात आणि मापात मारतात. रात्री कळ फिरते. सकाळी तीच बंडी, तोच कापूस, तोच प्रश्न. शेतकऱ्याला काल काही घडल्याची आठवणही नाही. शेटजी म्हणतील, “मी कोणाचे काय नेले? बंडी तर भरलेलीच आहे!”

वरवर पाहता हे म्हणणे खोडून काढणे कठीण वाटते. पण त्या दिवसाची संध्याकाळ विसरून कसे चालेल? त्या संध्याकाळी तो शेतकरी चार पैसे कमी घेऊन घरी गेला. पोरीसाठी आणायचे पुस्तक राहिले. पोर रुसून झोपली. ते रुसणे खरे होते. पुढे ते कोणाला आठवले नाही म्हणून ते झालेच नाही, असे कसे म्हणावे? शिवाय एकाच माणसाच्या स्मरणात ते शिल्लक आहे, आणि तो म्हणजे स्वतः शेटजी. शंभर सोमवार गेल्यावर कापूस जागच्या जागी असेल, पण शेटजी जागच्या जागी नसतील. आपले पूर्वज ज्याला संस्कार म्हणत, तो कळ फिरवून पुसला जात नाही.

आता दुसरी बाजू पाहू. आपल्यापैकी पुष्कळांना हे यंत्र हवेसे वाटते ते फसवणुकीसाठी नव्हे, तर दुरुस्तीसाठी. मुलावर उगीच हात उचलला, म्हाताऱ्या आईला नको ते बोललो, बहिणीचा हिस्सा दाबला. तो दिवस परत मिळाला तर नीट वागेन, असे माणूस मनाशी म्हणतो. इच्छा भली आहे. पण तो दिवस खरोखरच परत आला, तर समोर कोण उभे असेल? जिचे मन दुखावले ती बहीण नव्हे. जिला अजून कोणी काही बोललेलेच नाही, अशी एक बहीण. तिच्याशी गोड बोलणे सोपे आहे. पण क्षमा मागायची कोणाची? क्षमा करू शकणारे माणूसच या यंत्राने पुसून टाकलेले असते. म्हणून मला कधी कधी संशय येतो की, या यंत्राच्या इच्छेत निम्मा पश्चात्ताप असतो, आणि निम्मा, क्षमा मागण्याच्या लाजेतून सुटण्याचा मार्ग.

आवर्तन वाईट असे मात्र मी म्हणत नाही. यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर ही आमच्या वऱ्हाडची शकुंतला गाडी याच मुलखातून धावे. १९२१ साली मँचेस्टरला घडलेले तिचे वाफेचे इंजिन १९९४ पर्यंत त्याच अरुंद रुळांवर येत-जात राहिले. फेरी तीच, पण डब्यातली माणसे रोज एका दिवसाने मोठी झालेली! दिवाळीचेही तसेच. तेच उटणे, त्याच पणत्या; पाटावर मात्र कोणी नव्याने बसते, कोणाची जागा रिकामी राहते. म्हणून तर तिला मोल.

आमच्याच अमरावती जिल्ह्यात, शेंडगावी, १८७६ साली जन्मलेल्या गाडगेबाबांनी आयुष्यभर दिवसा गाव झाडला आणि रात्री कीर्तन केले. झाडलेल्या गल्लीत उद्या पुन्हा केर पडणार, हे त्यांना कळत नव्हते काय? तरी २० डिसेंबर १९५६ रोजी देह ठेवीपर्यंत त्यांचा खराटा सुटला नाही. कारण त्यांची प्रत्येक सकाळ नवी होती. काल नुसते पाहत उभा असलेला माणूस आज स्वतःच झाडू उचलण्याचा संभव होता. यंत्रातल्या सोमवारी तो संभवच उरत नाही.

पूर्णेच्या काठी जिथे बाबांनी घाट बांधवला, त्या गावाचे नाव ऋणमोचन. ऋण फिटते ते फेडल्याने. खातेवहीचे पान फाडले तर फक्त हिशेब हरवतो.

वाचकहो, भाऊबीज जवळ आली आहे. एखाद्या घरी बोलणे बंद पडून वर्षे लोटली असतील. गेलेले दिवस तर कोणी परत आणून देणार नाही. पण जिचे मन दुखावले, ती बहीण अजून आहे आणि तिला सारे आठवते आहे. आठवते आहे, तोवर तिच्या दारात जाऊन बोलता येईल. ती काय म्हणेल हे आधी ठाऊक नसते. तेवढे धाडस करून जावे.