भुताचे हात

दिवाळीच्या सुट्टीला दोन दिवस उरले, की वर्गात कोणाचेच लक्ष नसते. मुलांचेही नसते आणि शिकवणाऱ्याचेही नसते. गेल्या वर्षी अशाच एका तासाला मी सातवीच्या मुलांना म्हटले, ‘आज काय काढायचे ते तुम्हीच सांगा.’ मागच्या बाकावरून लगेच आवाज आला, ‘बाई, भूत!’ वर्ग हसला. मीही हसले आणि फळ्यावर मोठ्या अक्षरांत ‘भूत’ असे लिहिले.

मी साताऱ्याला चित्रकला शिकवते. मॅट्रिक झाल्यावर चित्रकला शिक्षकाची पदविका घेतली. त्यापलीकडे माझे शिक्षण नाही. उरलेल्या वेळात कादंबऱ्या लिहिते. त्यांतली एक भुताची आहे आणि खपली ती तेवढीच.

संध्याकाळी घरी चित्रे पाहत बसले. 43 चित्रे होती. पांढरे झगे, उलटे पाय, मोकळे केस, पिंपळ, वटवाघळे. असे सगळे ठरलेले सामान होते. पण पाच-सहा चित्रे पाहून मी थबकले. त्यांत झगा नव्हता, उलटे पाय नव्हते. एक कौलारू घर, दारात चिंच, पायरीवर बसलेली म्हातारी. आणि तिच्या हातांवर मुलांनी खडू न लावता मुद्दाम कोऱ्या ठेवलेल्या जागा. दुसऱ्या दिवशी मी त्यांतल्या एकाला विचारले, ‘हे रे कुठले भूत?’ तो म्हणाला, ‘बाई, तुमच्याच पुस्तकातले. ती आमच्या आळीत राहते.’

सातवीतल्या त्या मुलाने माझे पुस्तक वाचलेले नव्हते. ते त्याच्या ताईने वाचले होते आणि गोष्ट आळीभर झाली होती. अजिंक्यताऱ्याच्या उतारावरच्या त्या आळीत मी लग्नानंतर सहा वर्षे राहिले. माई तेव्हाही एकट्याच असत. त्यांच्या हातांना कोड आहे. कोड म्हणजे कातडीला रंग देणाऱ्या पेशी नाहीशा होणे; ते स्पर्शाने पसरत नाही, हे आता शाळेतल्या मुलांनाही सांगता येते. मलाही ते तेव्हा ठाऊक होते. तरी कादंबरीतल्या चेटकिणीला हात देण्याची वेळ आली तेव्हा मी माईंचे हात दिले आणि दारात चिंचही ठेवली. लेखकाचे निरीक्षण असावे लागते म्हणतात. मला त्या निरीक्षणाचा अभिमान वाटला होता.

अशी पुस्तके वाईट काय, हा प्रश्न मला पूर्वीही अनेकांनी विचारला होता आणि त्याचे उत्तर माझ्याजवळ तयार असे. माझे माहेर सांगलीचे, गावभागातले. वडिलांना बाबूराव अर्नाळकरांचे वेड. अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. झुंजार आणि काळापहाड ही नावे आमच्या घरात नातेवाइकांच्या नावांसारखी घेतली जात. मी वाचू लागले ती नारायण धारपांपासून. वीज गेलेली, कंदील लावलेला, आणि समर्थांचा प्रवेश अजून दहा पानांवर! पुढे रत्नाकर मतकरींच्या गूढकथा आल्या. एवढे वाचून आमच्या घरात कोणी दरोडा घातला नाही आणि कोणी मांत्रिकाच्या दारीही गेले नाही. भीतीचे पुस्तक हा एक करार असतो, असे मी सांगत असे. लिहिणाऱ्याला ठाऊक असते की हे खोटे आहे. वाचणाऱ्यालाही ठाऊक असते. भीती असह्य झाली तर पुस्तक मिटता येते. भोंदू बाबा हा करार मोडतो. तो तीच गोष्ट सांगतो. पण खरी म्हणून सांगतो आणि मिटू देत नाही.

याचा दाखला आमच्याच जिल्ह्याने दिला. मिरजेजवळच्या म्हैसाळला जून 2022 मध्ये दोन सख्ख्या भावांच्या कुटुंबांतली नऊ माणसे एकाच दिवशी मृतावस्थेत सापडली. आधी सर्वांना वाटले, कर्जापायी सामुदायिक आत्महत्या. आठवड्याभरात पोलिसांनी सांगितले, की हा खून आहे. गुप्तधन काढून देतो म्हणून पैसे उकळणाऱ्या मांत्रिकाने विष दिले, असा त्यांचा आरोप. गुप्तधन! आम्हां भयकथा लिहिणाऱ्यांचे किती जुने भांडवल आहे ते. माझ्या गोष्टीतल्या गुप्तधनासाठी वाचकाला फार तर पुस्तकाची किंमत मोजावी लागते. त्या घरांनी काय मोजले, ते लिहवत नाही.

तेव्हा करार पाळणारे ते आम्ही आणि मोडणारे ते भोंदू, असा माझा हिशेब सरळ होता. साताऱ्यात राहून तो नीट मांडता येणे आवश्यकच असते. डॉ. नरेंद्र दाभोलकर इथले. शिकायला ते सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयात आणि मग मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयात गेले. म्हणजे माझे माहेर आणि सासर दोन्ही त्यांचे. 1989 साली त्यांनी महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती स्थापन केली आणि जादूटोण्याविरुद्धच्या कायद्यासाठी वर्षानुवर्षे झगडा दिला. 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात त्यांचा खून झाला. त्याच महिन्यात अध्यादेश निघाला आणि डिसेंबरात कायदा झाला. सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद, पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत दंड.

त्या चित्रांनंतर मी तो कायदा पुन्हा वाचायला घेतला. त्याच्या शेवटी एक अनुसूची आहे. कोणकोणती कृत्ये गुन्हा, याची बारा कलमी यादी. अमुक एक माणूस करणी करतो, भूत लावतो, मंत्राने जनावरांचे दूध आटवतो, त्याच्यामुळे रोगराई येते, असे भासवून त्याच्याविषयी संशय उत्पन्न करणे आणि त्याचे जगणे कठीण करणे, हाही त्यांतला एक गुन्हा. मी तिथे थांबले. कादंबरी लिहिणे त्या कलमात बसत नाही, हे मला कळते. कोणी पोलीस माझ्याकडे येणार नाही. पण ते वाक्य वाचताना डोळ्यांपुढे मांत्रिक आला नाही. माझे स्वतःचे टेबल आले.

वाचकाशी केलेला करार मी पाळला होता. पण माई त्या करारात कुठे होत्या? त्यांनी पुस्तक विकत घेतले नव्हते, त्यामुळे त्यांना ते मिटताही येत नव्हते. वाचणारा दिवा मालवून झोपतो. जिचे हात उसने घेतले ती दुसऱ्या दिवशी त्याच हातांनी दार उघडते.

मग भुताच्या गोष्टी सांगूच नयेत काय? याचा विचार करताना मला आजी आठवली. सांगलीच्या घरी दिवेलागणीनंतर ती भुतांच्या गोष्टी सांगे. तिच्याजवळ भुतांचे एक गावच होते. मुंजा असे, मुंज होऊन लग्नाआधीच गेलेला कोवळा पोर. हडळ असे, बाळंतपणात गेलेली बाई. गिऱ्हा असे, कृष्णेच्या डोहात बुडालेला. ब्रह्मसमंध असे, इच्छा अपुरी ठेवून मेलेला. आज ही यादी पाहिली की ध्यानात येते, ही मृत्यूंची नोंदवही आहे. ज्या मरणांचा घरच्यांनी चटकन विधी उरकला आणि पुन्हा नाव काढले नाही, त्या मरणांची नोंद. सूनबाई विहिरीत पडली असे घर सांगते. ती का पडली, हे हडळ सांगते. आजी घाबरवायला काही कमी करीत नसे. आम्ही चुलतभावंडे एकमेकांना चिकटून बसत असू. पण प्रत्येक गोष्टीच्या शेवटी ती एक शब्द उच्चारी, ‘बिचारी.’ नाहीतर, ‘बिचारा.’ आणि मग उठून दूध तापवायला जाई.

त्या एका शब्दाने भीतीची दिशा बदलत असे. आधी आम्ही तिला भीत होतो. शेवटी तिला असे मारणाऱ्यांना भिऊ लागायचो. रहस्यकथाही आपल्या परीने हेच करते. कोणाचा तरी मृत्यू बेहिशेबी राहिला आहे आणि हिशेब लागेपर्यंत तिला चैन नाही. भुताखेतांची, खुनांची पुस्तके चांगली की वाईट, हा प्रश्न मला आता तसा विचारावासा वाटत नाही. ज्याच्यावर अन्याय झाला त्याच्याकडे ती भीती आपल्याला नेते, की शेजारच्या एकट्या, दुबळ्या माणसाकडे बोट दाखवते, एवढेच पाहायचे. भूत खरे की खोटे, हा वाद मी आता दुसऱ्यांवर सोडला आहे. गोष्टीतले भूत खोटे असूनही न्यायाचे असू शकते, आणि खोटे असूनही खरीखुरी इजा करू शकते.

सुट्टीत मी माईंकडे गेले. काय सांगायचे ते वाटेत ठरवले होते; पण त्याचा उपयोग झाला नाही. त्याच म्हणाल्या, ‘मी म्हणे तुझ्या पुस्तकात आहे. मोतीबिंदूने मला वाचवत नाही. वाचून दाखव की.’ पुस्तक त्यांच्या कोनाड्यात होते. कोणीतरी आणून दिले होते. मी तो प्रकरणभर भाग वाचला. हातांचे वर्णन आले तिथे एक वाक्य गाळावे असे मनात आले होते, पण गाळले नाही. त्या पदर सावरून ऐकत होत्या. संपल्यावर बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, ‘हात माझेच घेतलेस. बाकीचं काहीच घेतलं नाहीस.’ थोड्या वेळाने पुन्हा म्हणाल्या, ‘एवढी का चिडलीय गं ही? ते कुठं सांगितलंच नाहीस.’

मी क्षमा मागितली. त्यांनी ‘असू दे’ म्हटले नाही. ‘पोरं हल्ली चिंचेला येत नाहीत,’ एवढेच म्हणाल्या आणि चहा टाकायला आत गेल्या.

दुसऱ्या आवृत्तीत ते हात नसतील. ती बाई का चिडली आहे, तेही असेल. पण आवृत्ती सुधारता येते, आळी सुधारता येत नाही. पुस्तकातून निघून गेलेली गोष्ट पुन्हा पुस्तकात बोलावता येत नाही.

जानेवारीच्या शेवटी चिंच पिकली तेव्हा मी सातवीचा वर्ग घेऊन त्या आळीत गेले. विषय होता झाड. मुले अंगणात फतकल मारून बसली आणि तासभर खोड, फांद्या, सावल्या काढत राहिली. काही घरांतून चिठ्ठ्या आल्या होत्या, म्हणून पाच मुले आली नव्हती. निघताना माईंनी परडी भरून चिंचा पुढे केल्या. दोन मुलांनी त्यांच्या हातून घेतल्या. बाकीच्यांनी झाडाखाली पडलेल्या वेचल्या.