वाटाड्याने काय दाखवावे?

जुनी नगरे पाहावयास निघालेल्या मनुष्याने वाटाड्या बरोबर घ्यावा की न घ्यावा, हा प्रश्न वरवर पाहता केवळ सोयीचा आणि खिशाचा दिसतो. ज्याला ऐपत आहे त्याने घ्यावा, ज्याला नाही त्याने पुस्तक हाती धरून हिंडावे, इतके सांगून कोणीही मोकळा होईल. मीही परवापरवापर्यंत असाच मोकळा होतो. परंतु गेल्या हिवाळ्यात स्वतःच वाटाड्या होण्याचा प्रसंग माझ्यावर आला, आणि त्या दिवसापासून हा प्रश्न मला सोयीचा न वाटता नीतीचा वाटू लागला आहे. तो प्रसंग रे रोडचा. पण त्याची सुरुवात फार दूर, इटलीतील फ्लॉरेन्स नगरात झाली, म्हणून आधी तिकडे जाणे भाग आहे.

तीन वर्षांपूर्वी चिरंजीवांच्या आग्रहामुळे युरोपची यात्रा घडली. विद्येच्या पुनरुज्जीवनाच्या काळातील इटालियन नगरे पायी हिंडून दाखविण्याचा त्या यात्रेत बेत होता. आमचा वाटाड्या मिटलेली छत्री उंच धरून पुढे चाले, आम्ही वीस-बावीस मंडळी कानात त्याच्या आवाजाचे यंत्र घालून मागोमाग. तो विद्वान होता यात शंका नाही. रेशीम व्यापाऱ्यांच्या संघाने १४१९ साली ब्रुनेलेस्की याच्या आराखड्यावरून बांधावयास घेतलेल्या अनाथ अर्भकांच्या आश्रयगृहासमोर त्याने आम्हांस उभे केले. तेथील खांबाची उंची आणि दोन खांबांमधले अंतर सारखेच कसे आहे, हे त्याने इतक्या प्रेमाने समजाविले की भूमितीचा जन्मभर कंटाळा करणारा मी त्या कमानींपुढे नम्र झालो. कमानींच्या वर निळ्या पार्श्वभूमीवर दुपट्यात गुंडाळलेल्या पांढऱ्या बालकांच्या मूर्ती आहेत, त्याही त्याने दाखविल्या. पण १४४५ साली त्या दारात पहिले मूल ठेवले गेले ते मुलगी होती. पुढे कित्येक माता आपल्या तान्ह्याबरोबर मोडलेल्या नाण्याचा अर्धा तुकडा ठेवीत व उरलेला अर्धा, पुढेमागे ओळख पटावी म्हणून, स्वतःजवळ जपून ठेवीत. तसले तुकडे आजही त्याच इमारतीत पाहावयास मिळतात, हे मी घरी परत आल्यावर वाचले. त्या दिवशी वर जाण्यास वेळ नव्हता. वेळ नसणे हा काही अपराध नव्हे, आणि त्या भल्या गृहस्थाला मी दोष देत नाही. चार शतकांचा कारभार अडीच तासांत उरकायचा म्हटल्यावर काहीतरी गाळलेच पाहिजे.

पुढे एका प्रशस्त चौकात आम्ही आलो. तेथे एक भव्य कमान आहे, आणि तिच्यावर १८९५ सालचा एक लेख कोरलेला आहे. शतकानुशतकांच्या बकालपणातून नगराचे हे प्राचीन केंद्र नव्या जीवनास आणले, असा त्याचा आशय. माझ्या शेजारच्या बाईंनी सहज विचारले, "या कमानीपूर्वी येथे काय होते?" वाटाड्या म्हणाला, "जुनी घरे होती. पाहण्यासारखे काही नव्हते." आणि छत्री पुढे सरकली. येथे जुना बाजार होता, आणि १५७१ सालापासून ज्यू लोकांना ज्यात कोंडून ठेवले होते तो मोहल्लाही येथेच होता, हेही मी मागाहूनच वाचले. जे पाडले ते पाहण्यासारखे नव्हते, आणि पाहण्यासारखे नव्हते म्हणून पाडले. हे चक्र एकदा फिरू लागले म्हणजे त्यातून बाहेर पडावयास वाट कोठे राहते? परंतु प्रवासात असताना मला यातले काही सुचले नाही. मी कमानीचे छायाचित्र घेतले.

आता रे रोड. १८८५ ते १८९० या काळात मुंबईचे गव्हर्नर असलेल्या लॉर्ड रे यांचे नाव या रस्त्यास मिळाले, आणि रस्त्यावरून स्टेशनास. पुढे रस्त्यास बॅरिस्टर नाथ पै यांचे नाव देण्यात आले. स्टेशन मात्र लॉर्डसाहेबांचेच राहिले. कुर्ल्याहून निघालेली हार्बरची आगगाडी १९१० साली येथपर्यंत आली आणि येथेच थांबली. ती बोरीबंदरापर्यंत जावयास १९२५ साल उजाडावे लागले, आणि तेव्हा ती विजेवर धावू लागली. (फ्लॉरेन्सच्या चौकात मायकेलअँजेलोच्या डेव्हिडची प्रतिकृती उभी राहिली तेही वर्ष १९१०च. या योगायोगातून काहीही सिद्ध होत नाही. पण मास्तरकी केलेल्या माणसाला सनावळ्या जुळल्या की उगाच आनंद होतो.) स्टेशनाच्या पूर्वेस दारूखाना. नाव बंदुकीच्या दारूवरून पडले, धंदा मात्र जहाजे मोडण्याचा. आपल्या आरमाराची 'विक्रांत' २०१४ साली मोडावयास काढली ती येथेच. दक्षिणेस गोदी. तेथे १४ एप्रिल १९४४ रोजी 'फोर्ट स्टिकिन' हे जहाज पोटातल्या कापसासह, दारूगोळ्यासह आणि सोन्याच्या विटांसह उडाले, आणि आग विझवावयास गेलेले ६६ बंबवाले परत आले नाहीत. माझे वडील त्या वेळी गोदीत उमेदवार कारकून होते. त्या दिवसाविषयी ते फारसे बोलत नसत. एप्रिलच्या उकाड्यात कापूस जळल्याचा वास येतो, एवढेच एकदा म्हणाले.

माझा जन्म माझगावचा, नोकरी जवळच्याच एका शाळेत. तेव्हा भाचीचे सासू-सासरे नाशिकहून आले आणि "तुमचा भाग एकदा पायी हिंडून दाखवा" म्हणाले, तेव्हा मला स्फुरण चढले यात नवल नाही. बरोबर त्यांचा अकरा वर्षांचा नातूही होता. मी रीतसर टिपणे काढली. स्टेशनाचे लोखंडी खांब, २०२५ साली झालेला, तारांनी तोललेला नवा पूल, दारूखान्याचे तोंड, तेथून मागे फिरून माझगावात, म्हातारपाखाडीतल्या लाकडी जिन्यांच्या ख्रिस्ती घरांपर्यंत. पुनरुज्जीवनाचा काळ काही इटलीतच होता असे नाही, हे सांगण्यासाठी गार्सिया द ओर्ताची गोष्टही तयार ठेवली होती. हा पोर्तुगीज वैद्य १५३४ साली गोव्यास आला. १५५४च्या सुमारास मुंबई बेट त्याला राजाकडून भाडेपट्ट्याने मिळाले. आणि येथल्या औषधींवरचा त्याचा ग्रंथ १५६३ साली गोव्यात छापला गेला. तो ग्रंथ संवादरूप आहे. रुआनो नावाचा एक कल्पित पाहुणा प्रश्न विचारतो आणि ओर्ता त्याला एकेक वनस्पती दाखवीत जातो. म्हणजे तोही वाटाड्याच!

स्टेशनापासून माझगावाकडे येण्याचा सरळ रस्ता फूटपाथवरच्या झोपड्यांच्या रांगेवरून जातो. मी पाहुण्यांना त्या रस्त्याने नेले नाही. गोदामांच्या मागच्या बाजूची एक गल्ली आहे, लांबची आणि वासाची, तिकडे वळविले. वळताना मुलाने हात ओढला. "आजोबा, तिकडे काय आहे?"

"तिकडे पाहण्यासारखे काही नाही," मी म्हणालो.

वाक्य तोंडातून गेले आणि ते कोठे ऐकले होते हे मला तत्काळ आठवले. पण पाय थांबले नाहीत. थांबले असते तर हा लेख लिहिण्याचे कारण उरले नसते. वळता वळता माझी नजर त्या रांगेकडे गेली. तिसऱ्या झोपडीच्या दारात एक बाई भांडी घाशीत होती. तिचा मुलगा चार वर्षे माझ्या वर्गात होता. तिने मला पाहिले, पाहुण्यांना पाहिले, आणि मान खाली घालून पुन्हा भांडी घासू लागली. एरवी ती "गुरुजी" म्हणून हाक मारल्यावाचून राहत नाही. त्या दिवशी तिने हाक मारली नाही, ती माझ्या सोयीसाठी.

त्या रात्री मी स्वतःची वकिली पुष्कळ केली. पाहुण्यांचे मन विटू नये. गरिबाच्या दारिद्र्याची जत्रा मांडू नये. दुसऱ्याचा संसार उघड्यावर आहे म्हणून तो पाहण्याचा हक्क आपल्याला मिळत नाही. ही कारणे खोटी नाहीत. शेवटचे तर मला आजही खरे वाटते. फक्त त्या वळणावर यांपैकी एकही माझ्या मनात नव्हते. माझ्या भागाविषयी व्याह्यांचे मत काय होईल, एवढेच होते. चांगली कारणे मागाहून येऊन हजर झाली.

आणि मग ओर्ताविषयी जे मी पाहुण्यांना सांगितले नव्हते ते आठवले. आंबा कसा, हिंग कसा, हे सारे इतक्या मोकळेपणाने दाखविणाऱ्या त्या माणसाने एक गोष्ट मात्र जन्मभर झाकली: तो ज्यू कुळातला होता. १५६८ साली तो वारला. पुढल्याच वर्षी धर्मपीठाने त्याच्या बहिणीला जाळले, आणि १५८० साली त्याची हाडे उकरून तीही जाळली. त्याने झाकले ते जीव वाचविण्यासाठी. फ्लॉरेन्सच्या वाटाड्याने गाळले ते घड्याळाकडे पाहून. मी चुकविले ते कशासाठी? तिघांचे मौन बाहेरून सारखेच दिसते, आणि ऐकणाऱ्याला त्यांतला भेद कळण्याचा मार्ग नाही. भेद बोलणाऱ्यालाच ठाऊक असतो, तोही क्वचितच वेळेवर. जो पैसे देऊन वाटाड्यामागे चालतो तो तरी निर्दोष असतो का, हेही मला आता सांगवत नाही. त्या चौकात शेजारच्या बाईंनी विचारले. मी विचारले नाही, कारण मला कमान आवडली होती.

या झोपड्यांना इतिहास नाही असे म्हणण्याची सोयही उरलेली नाही. १९८१ साली मुंबईतील फूटपाथवासीयांना हुसकावून लावण्याचे सरकारने ठरविले, तेव्हा ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १९८५ साली निकाल लागला: जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्कही येतो, परंतु रीतसर सूचना देऊन फूटपाथ मोकळा करता येतो. वकिलांच्या पुस्तकांत तो निकाल अजून शिकविला जातो. रे रोडच्या टिपणात मी लॉर्ड रे यांची कारकीर्द लिहून ठेवली होती. त्या निकालाची एक ओळही नव्हती.

चार दिवसांनी मी त्या रस्त्याने गेलो. क्षमा मागावी असे मनात होते, पण क्षमा मागितल्याने तिलाच अवघडल्यासारखे होईल असे वाटून मुलाची चौकशी केली. तो दारूखान्यात जहाजाचे पत्रे कापण्याच्या कामावर आहे. मग मी भीत भीत विचारले: आमच्या निवृत्त शिक्षकांची मंडळी पुढल्या महिन्यात हा भाग पाहावयास येणार आहेत, मीच दाखविणार आहे, त्यांना या रस्त्याने आणले तर चालेल का?

ती थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "बघायला कशाला आणता, गुरुजी? बसायला आणा. चहा करते."

मंडळी पंचवीस आहेत. झोपडी आठ फूट लांब, पाच फूट रुंद. नवे टिपण लिहावयास घेतले आहे, आणि म्हातारपाखाडीच्या अलीकडे ते अडले आहे.